वीस मिलिग्रॅमची बातमी : मराठी संपादकांस एक खुले पत्र

भोर, जि. पुणे

महाराष्ट्रातील मराठी दैनिकांच्या व नियतकालिकांच्या संपादकमहोदयांस,



ज्या गावातून हे पत्र लिहीत आहे ते पंत सचिवांचे गाव. अष्टप्रधानांतील सचिवाचे, म्हणजे सुरनिसाचे, मुख्य काम राजाची पत्रे बाहेर पडण्यापूर्वी नजरेखालून घालणे आणि त्यांतील उणाअधिक मजकूर शुद्ध करणे हे होते. आजच्या व्यवस्थेत हेच काम आपल्याकडे आले आहे असे मी समजतो. संस्थान १९४८ साली विलीन झाले आणि सचिवपदाचा अंमलही त्याबरोबर इतिहासजमा झाला. तरीही त्या गावच्या एका निवृत्त विज्ञानशिक्षकाने मजकुराच्या शुद्धतेविषयी आपल्यापुढे कैफियत मांडावी, यात अधिकाराचे उल्लंघन झाले असे आपण मानू नये, एवढी प्रारंभीच विनंती आहे.

कैफियत कर्करोगाच्या बातम्यांविषयी आहे. त्यांतही, शरीराच्या स्वतःच्या रोगप्रतिकार यंत्रणेकडूनच कर्करोगाचा पाडाव करविण्याची जी नवी उपचारपद्धती इम्युनोथेरपी या नावाने गेली काही वर्षे आपल्या पृष्ठांवर वारंवार झळकते, तिच्याविषयी. या विषयास आपण जागा देता याबद्दल मी कृतज्ञ आहे. तक्रार आहे ती त्या जागेत काय छापले जाते आणि काय छापायचे राहून जाते याची.

शाळा सुटली तरी गावाने माझी मास्तरकी सोडविलेली नाही. औषधाची चिठ्ठी, तपासणीचा अहवाल, वर्तमानपत्राचे कात्रण, जे कळले नाही ते घेऊन माणसे माझ्या ओटीवर येतात. गेल्या पावसाळ्यात, लावणी उरकल्यानंतर, वेल्हे भागातील एक तरुण आपल्या आईला घेऊन असाच आला. मावशींचे वय साठीच्या आसपास. डाव्या गालाच्या आत व्रण, तोंड दोन बोटांपलीकडे उघडत नव्हते, आणि एकदा शस्त्रक्रिया होऊनही दुखणे उलटलेले. हयातभर मिश्री लावलेली. ज्या शहरी वाचकांनी मिश्री पाहिली नसेल त्यांच्या माहितीसाठी सांगतो : तंबाखू तव्यावर काळी पडेतो भाजावयाची, कुटून तिची पूड करावयाची, ती डबीत भरून चुलीजवळच्या कोनाड्यात ठेवावयाची, आणि सकाळी दात घासण्याच्या निमित्ताने व पुढे दिवसभर कोणत्याही निमित्तावाचून बोटाने हिरड्यांना चोळून गालात धरून ठेवावयाची. मुलाने शर्टाच्या खिशातून प्लास्टिकच्या पिशवीत जपलेले एक कात्रण काढले. कर्करोगावर स्वदेशी उपचार सापडल्याचा, तो दहापट स्वस्त असल्याचा आणि त्याने रुग्ण बरे झाल्याचा मजकूर त्यात होता. "सर, ह्ये आईला लागू पडंल का?" असे त्याने विचारले. लागू पडणार नाही, असे मला सांगावे लागले. आणि मग बोलण्याच्या ओघात कळले, की त्या कात्रणाच्या भरवशावर त्याने एका खाचराच्या विक्रीची बोलणी सुरू केली होती.

त्या कात्रणात खोटे असे एकही वाक्य नव्हते, हे मी आपल्या निदर्शनास मुद्दाम आणू इच्छितो. मुंबईच्या आयआयटीमध्ये डॉ. राहुल पुरवार व त्यांच्या सहकाऱ्यांनी टाटा स्मारक केंद्राच्या डॉक्टरांसमवेत 'नेक्सकार-१९' हा कार-टी पेशींचा उपचार सिद्ध केला. ऑक्टोबर २०२३ मध्ये त्यास केंद्रीय औषध नियंत्रकांची मंजुरी मिळाली, आणि ४ एप्रिल २०२४ रोजी राष्ट्रपती द्रौपदी मुर्मू यांच्या हस्ते पवई येथे त्याचे लोकार्पण झाले. परदेशात तीन-चार कोटींच्या घरात जाणारा हा उपचार येथे तीस-चाळीस लाखांत होऊ लागला, ही गोष्ट कोणत्याही मराठी माणसास अभिमान वाटावा अशीच आहे. परंतु तो उपचार प्रतिपिंडे बनविणाऱ्या बी-पेशींपासून उद्भवणाऱ्या काही रक्तकर्करोगांसाठी व लसीकाग्रंथींच्या कर्करोगांसाठी, आणि तेही अन्य उपचार थकल्यानंतर, दिला जातो, हे वाक्य त्या कात्रणात नव्हते. कदाचित वार्ताहराने ते लिहिले असेल आणि जागेच्या टंचाईत ते कापले गेले असेल. तसे असल्यास, कापण्यासाठी त्याहून निरुपयोगी वाक्ये त्या मजकुरात मुबलक होती, एवढेच मी म्हणेन.

गालाच्या कर्करोगाला हा उपचार का चालत नाही, हे समजावून सांगणे आपल्या वार्ताहरांना वाटते तितके अवघड नाही. मी ते ओटीवर बसून, मराठी चौथीपर्यंत शिकलेल्या माणसांना सांगितले आहे. आमच्या बाजूस राजगड आणि तोरणा असल्याने दाखला गडाचाच देतो. रक्तातील टी-पेशी या गडावरील पहारेकऱ्यांसारख्या होत. ओळख न पटणाऱ्यास त्या मारून टाकतात. कर्करोगाची पेशी घरातलीच बिघडलेली असल्याने मुळात ओळखू येण्यास कठीण, आणि ओळखली गेलीच तर पहारेकऱ्यापुढे ती अभयाचा कौल धरते. त्या कौलावरचा शिक्का पाहून पहारेकरी शस्त्र खाली ठेवतो. पहारेकऱ्याच्या अंगावर हा शिक्का वाचणारे जे ग्राहक असते त्याचे नाव पीडी-१. क्योतो येथील तासुकु होन्जो यांनी ते १९९२ साली शोधले, आणि टी-पेशींना आवरणाऱ्या तशाच दुसऱ्या एका लगामावर अमेरिकेत संशोधन करणाऱ्या जेम्स अॅलिसन यांच्यासह त्यांना २०१८ चे नोबेल पारितोषिक मिळाले. निव्होलुमॅबसारखे औषध त्या ग्राहकावर जाऊन बसते, शिक्का वाचला जात नाही, आणि कौल निष्फळ ठरतो. कार-टीची रीत याहून निराळी आहे. तेथे रुग्णाच्या रक्तातून पहारेकरीच बाहेर काढतात, प्रयोगशाळेत त्यांच्या जनुकांत भर घालून 'सीडी-१९ ही खूण दिसली की मारा' असा हुकूम त्यांच्यात कायमचा कोरतात, त्यांची संख्या वाढवितात आणि त्यांना परत रक्तात सोडतात.

मेख त्या खुणेत आहे. सीडी-१९ ही खूण रोगट बी-पेशींवर असते तशीच निरोगी बी-पेशींवरही असते, आणि हुकूम सुटला की दोन्ही मरतात. परंतु बी-पेशींवाचून मनुष्य, प्रसंगी बाहेरून प्रतिपिंडे देऊन, जगू शकतो. गालाच्या, फुप्फुसाच्या किंवा आतड्याच्या कर्करोगपेशींवर अशी खूण सापडणे दुर्घट, जी असलेल्या सर्व पेशी नष्ट झाल्या तरी चालेल. चुकीची खूण निवडली तर पहारेकरी गडच उद्ध्वस्त करतील. शास्त्रज्ञ त्या खुणेच्या शोधात आहेत, पण आज वेल्ह्याच्या मावशींसाठी ती हाती नाही. एवढे स्पष्टीकरण द्यावयास किती ओळी लागल्या ते आपण मोजून पाहावे. चित्रतारकांच्या विवाहास आपण त्याहून अधिक ओळी देता.

यावरून आमच्या तालुक्याने आशा सोडावी असे मी म्हणत आहे, असा समज होऊ नये. उलट माझी सर्वांत मोठी तक्रार अशी, की आमच्याच दुखण्यावरची, परळमध्येच, टाटा स्मारक रुग्णालयात, सिद्ध झालेली एक बातमी माझ्या वाचनात तरी एकाही मराठी वृत्तपत्राच्या पहिल्या पानावर आली नाही. ती येथे सविस्तर सांगतो, कारण या पत्राचे प्रयोजनच ते आहे.

तोंडाचा कर्करोग हा भारतातील पुरुषांत सर्वांत अधिक आढळणारा कर्करोग. तंबाखूशी त्याचे नाते आज कोणी नव्याने सिद्ध करावयास नको. टाटा स्मारक रुग्णालय १९४१ साली सुरू झाले आणि तेथील विकृतिशास्त्रज्ञ डॉ. वसंत रामजी खानोलकर यांनी मुंबईतील मुखकर्करोगाच्या एक हजार रुग्णांचा आढावा १९४४ सालीच प्रसिद्ध केला होता. अशा रुग्णांत आजार उलटला, किंवा शस्त्रक्रियेच्या पलीकडे गेला, म्हणजे उरलेले आयुष्य महिन्यांत मोजावे लागते. निव्होलुमॅब त्यांच्यासाठीही आहे. २०१६ साली प्रसिद्ध झालेल्या परदेशी चाचणीत, अन्य औषधे थकलेल्या डोके-मानेच्या कर्करोगाच्या रुग्णांत, त्याने वर्षानंतर जिवंत राहणाऱ्यांचे प्रमाण सुमारे १७ टक्क्यांवरून ३६ टक्क्यांवर नेले. गाठ लक्षणीय आकसली असे रुग्ण मात्र शंभरात तेराच होते, हेही ध्यानात असू द्यावे. 'चमत्कार' हा शब्द वापरण्याचा मोह त्याने आवरेल. पण पूर्ण मात्रेचा खर्च लाखांच्या घरात, आणि तो महिनोन्‌महिने. भोर-वेल्ह्याच्या मानाने ते औषध असून नसल्यासारखेच.

टाटा स्मारकाच्या डॉ. विजय पाटील, डॉ. कुमार प्रभाश आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी प्रश्न असा केला, की एवढी मात्रा खरोखर लागते काय? प्रचलित मात्रा दर दोन आठवड्यांनी २४० मिलिग्रॅम. त्यांनी दर तीन आठवड्यांनी २० मिलिग्रॅम देऊन पाहिली. सहा आठवड्यांचा हिशेब मांडल्यास ७२० च्या ठिकाणी ४०, म्हणजे अठरावा हिस्सा. एकूण १५१ रुग्ण घेतले. सर्वांना मेथोट्रेक्सेट, सेलेकॉक्सिब व एर्लोटिनिब ही तोंडाने घ्यावयाची औषधे दिली, आणि चिठ्ठ्या टाकाव्यात त्या रीतीने निवडलेल्या निम्म्यांना त्यावर ही वीस मिलिग्रॅम. नुसत्या गोळ्या घेणाऱ्यांपैकी वर्षानंतर १६.३ टक्के हयात होते. वीस मिलिग्रॅम घेणाऱ्यांपैकी ४३.४ टक्के. मध्यम आयुर्मान ६.७ महिन्यांवरून १०.१ महिन्यांवर गेले आणि गंभीर दुष्परिणामांत वाढ झाली नाही. हा निबंध २०२२ च्या अखेरीस 'जर्नल ऑफ क्लिनिकल ऑन्कॉलॉजी' या अमेरिकी नियतकालिकात प्रसिद्ध झाला.

न्यायाने हेही सांगितले पाहिजे, की या चाचणीत अल्प मात्रेची तुलना पूर्ण मात्रेशी झालेली नव्हती, गोळ्यांशी झाली होती; त्यामुळे वीस मिलिग्रॅम ही दोनशे चाळीसच्या तोडीची आहे असे त्यावरून म्हणता येत नाही. पण ज्यास दोनशे चाळीस कधीच मिळणार नाही त्याच्यापुढे निवड वीस आणि शून्य यांतलीच असते, आणि त्या निवडीचे उत्तर परळने दिले आहे. साडेतीन महिने म्हणजे काय मोठेसे, असे पुण्यामुंबईच्या वाचकास वाटेल. ज्या घरात मुलीचे लग्न ठरले आहे, भात कापणीस आले आहे आणि जमिनीच्या वाटणीवर आईचा अंगठा व्हावयाचा आहे, त्या घरास विचारून पाहावे.

ही बातमी पहिल्या पानावर का आली नाही, याचा मी पुष्कळ विचार केला. कार-टीच्या मागे यंत्रे आहेत, जनुके आहेत, राष्ट्रपतींचे छायाचित्र आहे. वीस मिलिग्रॅमच्या मागे यांपैकी काही नाही. जुनेच औषध कमी द्यावे, एवढेच त्यात आहे, आणि कमी औषध विकले जावे यासाठी पत्रकार परिषद बोलाविण्यात कोणत्याही कंपनीस स्वारस्य असण्याचे कारण नाही. जी बातमी आपल्या दारी कोणी आणून देत नाही तिच्यासाठीच वार्ताहर नेमायचे असतात, असा माझा भाबडा समज आहे. मराठी वृत्तपत्राचा पाया १८३२ साली 'दर्पण' काढून ज्यांनी घातला ते बाळशास्त्री जांभेकर स्वतः गणिताचे अध्यापक होते, आणि पुढे 'दिग्दर्शन' मासिक काढून त्यांनी शास्त्रीय विषय मराठीत आणले. त्या घराण्यात आज बातमीतला अपूर्णांक वाचणारा एक माणूस प्रत्येक कचेरीत असावा, ही मागणी अवाजवी नसावी.

आता जाहिरातींकडे वळतो, आणि येथे माझा स्वर किंचित चढला तर क्षमा असावी. वर सांगितलेल्या कात्रणाच्या पाठीमागच्या बाजूस 'प्रतिकारशक्ती वाढवा, कर्करोगास दूर ठेवा' अशा आशयाची एका काढ्याची जाहिरात होती. वाचक पुढचे आणि मागचे वेगळे करीत नाही. एका बाजूस शास्त्रज्ञ प्रतिकारयंत्रणेने कर्करोग बरा करतात आणि दुसऱ्या बाजूस काढा प्रतिकारशक्ती वाढवितो. तेव्हा काढ्याने कर्करोग बरा होतो, हे अनुमान तो बिचारा बिनचूक तर्काने काढतो. वस्तुतः इम्युनोथेरपीत सरसकट 'शक्ती' वाढविण्याचा प्रश्न नसतो. विशिष्ट लगाम विशिष्ट ठिकाणी सैल करावयाचा असतो, आणि तो अधिक सैल झाला तर त्याच टी-पेशी रुग्णाच्या थायरॉइडवर, आतड्यावर, यकृतावर, फुप्फुसावर तुटून पडतात. कार-टीनंतर तर प्रतिकारयंत्रणेच्या उसळीने येणारा ताप व रक्तदाबाचा ऱ्हास रुग्णास अतिदक्षता विभागात नेऊ शकतो. हे काढ्याने होत नाही, कारण काढ्याने यांतले काहीच होत नाही. १९५४ चा औषधे व जादूचे उपाय यांच्या आक्षेपार्ह जाहिरातींसंबंधीचा कायदा कर्करोग बरा करण्याचे किंवा टाळण्याचे दावे करणाऱ्या जाहिरातींना मनाई करतो, आणि ती मनाई जाहिरात देणाऱ्यापुरती नसून तिच्या प्रसिद्धीत भाग घेणाऱ्या प्रत्येकास लागू आहे. आपल्या जाहिरात खात्याच्या दप्तरी या कायद्याची प्रत आहे किंवा कसे, याची खातरजमा आपण एकवार करावी.

आणखी एक किरकोळ बाब, विषय निघाला म्हणून. इम्युनोथेरपी हा उपचार आपण दर वर्षी 'नुकताच लागलेला शोध' म्हणून छापता. न्यूयॉर्कच्या विल्यम कोली या शल्यचिकित्सकाने १८९१ साली मांसार्बुदाच्या रुग्णास मुद्दाम जिवाणूंचा संसर्ग घडवून प्रतिकारयंत्रणा जागी करण्याचा प्रयोग केला होता. क्षयावरची बीसीजी लस, जिचा वण आमच्या शाळेतल्या प्रत्येक पोराच्या दंडावर असे, तीच मूत्राशयात सोडून तेथील कर्करोग आवरता येतो, हे कॅनडाच्या मोरालेस यांनी १९७६ साली दाखविले आणि आजही ती दिली जाते. वाचकास हा वारसा सांगितला तर त्यास नव्या औषधाची भीतीही कमी वाटेल आणि नवलाईही.

माझ्या विनंत्या थोडक्यात अशा. कर्करोगाच्या उपचाराची कोणतीही बातमी देताना तो कोणत्या अवयवाच्या, कोणत्या अवस्थेतील रोगासाठी आहे, किती माणसांवर तपासला, त्यांतील किती जणांस उपयोग झाला आणि खर्च कोण देते, हे पहिल्या परिच्छेदात असावे. शेवटी नको, शेवट कापला जातो. त्या पानावर आणि त्याच्या पाठीवर काढ्यांच्या जाहिराती नसाव्यात. 'दहापट स्वस्त' असे लिहिताना, कोणाच्या मानाने, तेही लिहावे. ज्याची जमीन गुंठ्यांत मोजावी लागते त्यास तीस लाख आणि तीन कोटी यांत भेद करता येत नाही.

शेवटची विनंती मात्र थोडक्यात सांगण्यासारखी नाही. मावशींच्या मुलाबरोबर मी पुण्यातील एका मोठ्या रुग्णालयात गेलो. त्या रुग्णालयाचे नाव येथे घेत नाही. तेथे आम्हास पूर्ण मात्रेचे अंदाजपत्रक देण्यात आले. वीस मिलिग्रॅमविषयी विचारता खिडकीवरच्या गृहस्थांनी "असं पॅकेज नाही" असे उत्तर दिले. डॉक्टरांना विचारण्याइतका वेळ डॉक्टरांपाशी नव्हता. मग परळचा रस्ता धरावा, तर तेथील गर्दी, दादरच्या गाडगे महाराज धर्मशाळेत जागेची वाट पाहणे आणि दर तीन आठवड्यांनी भोरहून मुंबईची खेप, हे सर्व एका रोजंदारीच्या माणसाने करावयाचे. औषधाची लहान कुपी ४० मिलिग्रॅमची येते, म्हणजे दोन रुग्णांस एकाच दिवशी, एकाच ठिकाणी बोलावल्यास एक कुपी दोघांस पुरते. पण तशी तजवीज कोणीतरी करावी लागते, आणि ती करणे हे कोणाचेच नेमलेले काम नाही.

तेव्हा आपल्यापैकी एकाने तरी एक वार्ताहर पुण्यास पाठवावा. पुणे जिल्ह्यातील कोणती रुग्णालये अल्प मात्रेची ही पद्धत अवलंबितात. जी अवलंबित नाहीत त्यांची हरकत वैद्यकीय आहे की हिशेबाची. एक कुपी दोन रुग्णांत वाटून देण्याची व्यवस्था कोठे आहे. महात्मा जोतीराव फुले जन आरोग्य योजनेतून, जिची मर्यादा आता कुटुंबास पाच लाखांची आहे, या उपचारास मंजुरी मिळते काय, मिळत असल्यास कोणत्या कागदांवर आणि किती दिवसांत. एवढे प्रश्न त्याने विचारावेत आणि मिळालेली उत्तरे, नकारही, जशीच्या तशी रुग्णालयांच्या नावानिशी छापावीत. मी विचारले तर तो एका म्हाताऱ्या मास्तराचा प्रश्न होतो. आपला वार्ताहर विचारील तर खिडकीवरच्या गृहस्थांना आतल्या खोलीत जाऊन कोणास तरी विचारावे लागेल.

या पत्रास जागा न मिळाल्यास माझी तक्रार नाही. वीस मिलिग्रॅमला मात्र मिळावी.

आपला नम्र,
एक निवृत्त विज्ञानशिक्षक व जुना वर्गणीदार